उपवासाचा पहिला रविवार

अलेक्झांड्रियातल्या हिवाळी पावसाने दमयानाला ट्रामच्या थांब्यावरील तोकड्या छपराखाली लोटले. तिथे आधीच उभ्या असलेल्या तरुणाने सभ्यपणाच्या भरात तिची पिशवी हाती घेतली, आणि तो एका बाजूला कलंडलाच.

"दगड भरलेत की काय यात?"

"हो... दगडच. चार कोटी वर्षांचे आहेत, जपून धरा!"

तो बाखूम, विद्यापीठात तत्त्वज्ञान शिकवी, आणि शुक्रवारी कॉप्टिक चर्चमध्ये विद्यार्थ्यांचे अभ्यासमंडळ चालवी. ती भूविज्ञानाची संशोधक. पुढच्याच शुक्रवारी ती मंडळात आली ती भांडायला, आणि दोन हिवाळे भांडत राहिली.

"देवानं सहा दिवसांत जग केलं, आणि तुझ्या दगडातल्या एका शिंपल्याला चार कोटी वर्षं हवीत?"

"घाई तुला आहे, मास्तर. त्याला नव्हती."

प्रार्थनेच्या वेळी पुरुष एका बाजूला बसत, स्त्रिया दुसऱ्या. मधल्या वाटेपलीकडे दिसणारी त्याची मान, मानेवरचे ओलसर केस, हे सारे तिला स्तोत्रांइतकेच पाठ झाले होते. तो मात्र विचारीत असे सगळे. फक्त एक सोडून...

अखेर चर्चच्या वडीलधाऱ्यांनी नव्या धर्मगुरूच्या, म्हणजे अबूनाच्या, जागेसाठी बाखूमचे नाव सुचवले. दीक्षेआधी लग्न झालेले हवे. ईस्टरआधीचा मोठा उपवास तोंडावर आला होता, आणि उपवासात लग्ने लागत नाहीत. त्याच संध्याकाळी तो धापा टाकीत प्रयोगशाळेच्या दारात उभा राहिला.

"दमयाना... माझ्याशी लग्न करशील? उपवास लागायच्या आत?"

हातातला दगड तिने खाली ठेवला.

"आणि यांचं काय?"

"राहतील कपाटात... थोडे दिवस. अबूनाच्या बायकोनं असलं काही बोललेलं लोकांना—"

"तुला बायको हवीय, बाखूम. मी नकोय."

तो गेला. तिने तोच दगड तीनदा तोलला. तिन्ही वेळा वजन निराळे आले.

पुढे कानावर आले की त्याने आपले नाव मागे घेतले, आणि दीक्षा एका औषधविक्रेत्याला मिळाली. मंडळ बंद पडले. असे शिकलेसवरलेले तरुण वाळवंटातल्या मठात निघून जातात, हे तिला ठाऊक होते. म्हणून रोज रडू येई आणि रोज स्वतःचाच रागही येई.

उपवासाचा पहिला रविवार. प्रार्थना संपली. अंगणात आशीर्वादाची भाकरी हाती घेऊन तो थेट बायकांच्या घोळक्यात शिरला.

"मला वाटलं, मठात गेलास."

"तिथं भांडायला कोण आहे?" त्याने भाकरी मोडून अर्धी तिच्यापुढे धरली. "शुक्रवारी मंडळ पुन्हा भरणार आहे. तू बोलायचंस, दगडांच्या वयावर. आधी मी उत्पत्तीचा पहिला अध्याय वाचीन."

"लोक उठून जातील."

"जाऊ देत. देवाची सेवा करायची म्हणून त्याचेच दगड लपवायला निघालो होतो मी... गाढव!" मग आवाज खाली आला. "लग्न करशील माझ्याशी?"

"आज? अरे, उपवास लागलाय! ईस्टरपर्यंत कुणी लग्न लावणार नाही."

"ठाऊक आहे. म्हणून तर आज विचारतोय."

डोक्यावरचा पांढरा रुमाल तिने उगाच सावरला. मग त्याच्या हातातली अर्धी भाकरी घेतली.

"थांबू मग," ती म्हणाली. "घाई त्यालाही नव्हती, मास्तर..."