पांढरी भुकटी

"थांबा! फळीवर पुस्तकं लावू नका!" टकटकी ओरडली.

दिसेल ती भिंत बोटांनी वाजवून पाहायची खोड, म्हणून तिचं हे नाव. सुट्टी लागल्यापासून ती, लंबू आणि पणपण वाचनालयाच्या नव्या बालविभागात पुस्तकांचे गठ्ठे वाहत होते. पणपणचं प्रत्येक वाक्य 'पण'ने सुरू व्हायचं. आज संध्याकाळी पाचला उद्घाटन होतं. भिंतीवरच्या लांबलचक फळीखाली चिमुरडी मुलं बसणार होती आणि तिथेच टकटकीचा धाकटा भाऊ पिटू कविता म्हणणार होता. कवितेच्या तयारीने त्याने आठवडाभर घर डोक्यावर घेतलं होतं!

"आता काय झालं?" लंबूने विचारलं.

"खाली बघ. नुसती पांढरी भुकटी!"

"पण भुकटीत काय एवढं?" पणपण म्हणाला.

"अरे, मावशी काय सांगते? भोक पाडताना लाल भुकटी आली तर वीट, करडी आली तर काँक्रीट. शेवटपर्यंत पांढरीच आली, तर पातळ जिप्सम बोर्डची भिंत आणि मागे पोकळी!" टकटकीची मावशी घरोघरी भिंतींवर कपाटं नि टाक्या बसवायची, त्यामुळे तिचा शब्द म्हणजे शेवटचा शब्द. टकटकीने भिंत वाजवली. ढब, ढब!

लंबूने हात उंचावून फळीच्या बोल्टला बोट लावलं. "आईशप्पथ! हा तर बोटाने फिरतोय!"

"कोण लुडबुड करतंय रे तिकडे?" फळी बसवणारे कंत्राटदार काका तरातरा आले.

"काका, ही भिंत पोकळ आहे. यात विटेच्या भिंतीचे बोल्ट धरणार नाहीत."

"भिंत म्हणजे भिंत! वीस वर्षं बोल्ट ठोकतोय मी. हत्ती बसवा फळीवर, हलली तर नाव बदलीन!"

"मुलांनो, काकांना त्यांच्या कामातलं जास्त कळतं," ग्रंथपाल बाई म्हणाल्या.

फळीखाली हात जोडून कविता म्हणणारा पिटू टकटकीच्या डोळ्यांसमोर आला. आणि एकदम तिला सुचलं!

"बरं काका," ती अगदी शहाण्यासारखी म्हणाली, "तुमचा नवा मोबाईल इथे खाली ठेवा. आम्ही वर पुस्तकं लावतो."

"मोबाईल? छे छे! वरून पडलं-बिडलं काही तर..." काकांनी जीभ चावली.

पण बाईंनी ऐकलं होतं. "म्हणजे मोबाईलची काळजी वाटते, आणि मुलं बसलेली चालतात तुम्हाला?"

बाईंनी सगळ्यांना लांब उभं केलं. लंबूने फळीला लांब दोरी बांधली आणि तिघांनी खोलीच्या दुसऱ्या टोकाकडून हिसका दिला. धडाम! दुधाचे दात पडावेत तसे बोल्ट उपटून आले आणि पांढऱ्या भुकटीचा ढग उठला.

"काका, नवं नाव काय ठेवायचं?" पणपणने विचारलं. आयुष्यात पहिल्यांदा 'पण' न म्हणता!

मावशीला बोलावलं. ती आली तेव्हा तीन वाजून गेले होते. टकटकीने समोरची भिंत वाजवली. ठक्क! मावशीने ड्रिल लावलं आणि भसाभसा लाल भुकटी आली.

"हुर्रे! वीट!"

"ओरडू नका, भोकं साफ करा. भुकटी आत राहिली तर बोल्टभोवतीचा प्लास्टिकचा प्लग भिंत पकडत नाही," मावशी म्हणाली. काकांनी मुकाट्याने फळी धरली. शेवटचा बोल्ट आवळल्यावर मावशी दोन्ही हातांनी फळीला लटकली. फळीने हूं की चूं केलं नाही.

पाच वाजले. खोली खचाखच भरली. "आज या तिघांमुळे आपली मुलं सुखरूप आहेत," ग्रंथपाल बाई म्हणाल्या. कधीही कौतुक न करणारी मावशी टकटकीच्या कानाशी पुटपुटली, "कान तयार झालाय हं तुझा!" टकटकीला आनंदाने रडूच फुटलं.

मग पिटू फळीखाली उभा राहिला. सगळे वाट बघत होते. त्याने मात्र पाठ फिरवली, भिंतीला कान लावला आणि वाजवलं. टक, टक!

"पक्की आहे!" त्याने जाहीर केलं आणि कविता सुरू केली.

सगळ्यात जोरात टाळ्या वाजवल्या त्या कंत्राटदार काकांनी.