अकरा दिवसांची ज्येष्ठता

नागपूरजवळच्या कालसंशोधन संस्थेच्या प्रयोगशाळेत चहा ज्येष्ठता यादीप्रमाणे येत असे. पहिला कप प्रभारी संचालक डॉ. हेरंब टिळेकरांना, दुसरा डॉ. नलिनी उमाठेंना. एकवीस वर्षं हे असंच चाललं. मग उच्च न्यायालयाने उमाठेंची याचिका मंजूर केली. त्या टिळेकरांच्या अकरा दिवस आधी रुजू झाल्या होत्या. सबब टिळेकरांनी तीस दिवसांत सुधारित यादीवर सही करावी. यादीत जो पहिला, तो कायम संचालक.

खुर्ची गेली असती तर टिळेकरांनी कदाचित सोसलं असतं. पण शिपाई शालिकराम ट्रे घेऊन आपल्या टेबलावरून सरळ पुढे जातोय, हे चित्र त्यांना जेवू देईना.

त्यांनी फाइल आणि चिवड्याचे चार डबे उचलले, मंदकाल कक्षात शिरले आणि आतून कडी लावली. कक्ष उमाठेंनीच बांधलेला. आत एक दिवस सरला की बाहेर साठ सरत. आतले तीस दिवस म्हणजे बाहेरची जवळपास पाच वर्षं, आणि उमाठेंच्या निवृत्तीला साडेचारच उरली होती.

काचेतून बाहेरची माणसं नुसती रेघ होऊन जात. उमाठेंच्या टेबलावरचा कप मात्र स्पष्ट दिसे. चोवीस मिनिटांत, म्हणजे बाहेरच्या एका दिवसात, दोनदा उगवायचा, दोनदा मावळायचा. आणि आता पहिला कप तिथेच जात होता, कारण टिळेकर जागेवर नव्हते. त्यांनी सहाशेपर्यंत मोजले. दर बारा तासांनी काचेवर अवमानाची एक नोटीस चिकटत होती. बाराव्या दिवशी नोटिसांआड कपही दिसेनासा झाला, तेव्हा त्यांना पहिल्यांदा न्यायालयाचा राग आला. त्याच दिवशी पोलिसांनी दार कापलं.

"दोन वर्षं आदेश पाळला नाहीत," न्यायमूर्ती म्हणाल्या.

"बारा दिवस, महोदया. अठरा शिल्लक आहेत."

तज्ज्ञ म्हणून उमाठेंनाच विचारावं लागलं. त्यांनी खरं ते सांगितलं. "आत काळ हळू जातो असा भास होत नाही, तो खरोखरच कमी जातो. यांची दाढीसुद्धा बारा दिवसांचीच आहे."

न्यायमूर्तींनी दाढी नीट पाहिली. "म्हणजे माणसाचा काळ त्याच्या स्वतःच्या घड्याळाने मोजायचा?"

"दुसरं घड्याळ त्याच्यापाशी नसतंच."

तसाच निकाल झाला. अवमान झालेला नाही. टिळेकरांना उमाठेंची जरा कीवच आली.

दुसऱ्या दिवशी निकालानुसार नव्याने काढलेली यादी त्यांच्या टेबलावर होती. सेवाही स्वतःच्याच घड्याळाने मोजल्यामुळे त्यांचे सातशे आठ दिवस वजा झाले होते. त्यांच्यानंतर रुजू झालेले तिघे वर सरकले होते. टिळेकर पाचवे.

त्यांची नजर मंदकाल कक्षाकडे गेली.

"जा की," उमाठे कागदातून मान वर न करता म्हणाल्या. "आतल्या एका दिवसाला एकोणसाठ दिवसांची सेवा जाते. आतल्या शनिवारपर्यंत गजभियेही तुमच्या वर."

गजभियेंना टिळेकरांनी स्वतः पहिल्या मुलाखतीत नापास केलं होतं.

त्यांनी सही केली.

शालिकराम ट्रे घेऊन आला. त्यांच्या टेबलावरून सरळ पुढे गेला, चार ठिकाणी थांबला, बोलला, परत आला. पाचव्या कपावर साय धरली होती.

"शालिकराम, हा गार आहे."

शालिकरामने भिंतीवरच्या घड्याळाकडे पाहिलं, मग टिळेकरांच्या मनगटाकडे.

"तुमच्या घड्याळानं गरमच असन, जी."