टाकीची आंघोळ

टाकीच्या आंघोळीची वेळ टळून गेली, तरी पाण्याची नळी भिंतीवरच्या खुंटीला तशीच गुंडाळून लटकत होती. मुंगीला हे मुळीच पटलं नाही.

‘आंघोळ’ हा शब्द अर्थात मुलांचा. मुंगी सुट्टीत ज्या आत्याकडे राहायला आली होती, ती आत्या घरामागच्याच वर्कशॉपमध्ये वेल्डिंगचं काम करायची. तिथे हवा दाबून साठवायच्या लोखंडी टाक्या बनत. टाकी तयार झाली की तिच्यात नळीने काठोकाठ पाणी भरायचं, सगळी तोंडं बंद करायची आणि मग हातपंपाने आणखी थोडं पाणी आत रेटायचं. टाकीवरच्या मीटरचा काटा लाल रेघेला टेकला की आत्या प्रत्येक जोडावरून बोट फिरवत कुठे ओल येते का पाहायची. रोजच्या वापरात जेवढा दाब सोसायचा, त्याच्या दीडपट दाब टाकीला इथेच सोसून दाखवावा लागे. मग एवढं भरलेलं पाणी सगळं सोडून द्यायचं! तपासणी जेमतेम पाच मिनिटांची आणि भरण्या-उपसण्यात दोन-तीन तास मोडायचे.

असं का करतात, हे मुंगीने वर्कशॉपमधल्या झाडून सगळ्यांना विचारलं होतं. जिथे फट दिसेल तिथे नाक खुपसायचं, म्हणून तर तिचं नाव मुंगी पडलं होतं. तिला उत्तर मात्र एकच मिळालं, पद्धत आहे म्हणून.

आणि आज ती पद्धतच बाजूला पडली होती. हातपंपाचा वॉशर फाटला होता. नवी टाकी जायची होती एका टायरवाल्याकडे, आणि दुपारी ट्रक येणार होता. वर्कशॉपचे सुपरवायझर सकाळपासून तीनदा घड्याळ बघून चुकले होते. त्यांना मुलं पाठीमागे घाईकाका म्हणत. घाईकाका वाईट नव्हते, पण जेवतानासुद्धा ते एका पायावर उभे असत. त्यांनी कॉम्प्रेसरची हवेची नळी ओढत आणली आणि टाकीच्या वरच्या तोंडाला जोडली.

“हवेची टाकी, हवेनेच तपासायची,” ते आत्याला म्हणाले. “तुम्ही जोडांना साबणाचं पाणी लावा, बुडबुडा आला तर दिसेलच. सोपं काम.”

ऐकायला इतकं बिनतोड होतं, की आत्यानेही मान डोलावली.

कॉम्प्रेसर धडधडू लागला. खिडकीखालच्या रिकाम्या पोत्यांवर मुंगी आणि तिचे दोन आतेभाऊ ओळीने पालथे पडून बघत होते. थोरला भोंगा, कारण तो कानात गुपित सांगायला लागला तरी ते पलीकडच्या गल्लीत ऐकू जाई. धाकटा गोगल्या. गोगलगायीवरून. त्याचे एका पायातले मोजे चढेपर्यंत बाकीचे शाळेत पोचलेले असत.

“काटा हलतच नाहीये,” गोगल्या म्हणाला.

खरंच की! हातपंपाचे दोन-चार हिसके दिले की काटा टुणकन लाल रेघेवर जायचा. इथे कॉम्प्रेसर कधीचा घशाला कोरड पडेपर्यंत ओरडत होता आणि काटा जेमतेम उठून बसला होता. एवढी हवा जात होती तरी कुठे? इतक्यात घाईकाकांना ट्रकवाल्याचा फोन आला. पत्ता सापडत नाही म्हणत होता. घाईकाकांनी कॉम्प्रेसर बंद केला, टाकीतली हवा सोडून दिली आणि ट्रक घेऊन येतो, मग तपासणी करू, असं सांगून ते निघाले. सोडलेली हवा फुसफुसत कितीतरी वेळ बाहेर येत राहिली. पाणी असायचं तेव्हा चमचाभर गळलं की काटा शून्यावर यायचा. मुंगी पोत्यावर उठून बसली. तिच्या डोक्यात काहीतरी वळवळू लागलं होतं आणि ते सुटल्याशिवाय तिला जेवण जाणार नव्हतं.

शिवणयंत्राला तेल घालायची प्लास्टिकची सिरिंज तिने घरातून पळवली. सुई नव्हतीच. साबणाने धुऊन तिने दट्ट्या दहाच्या रेघेपर्यंत ओढला, तोंडावर अंगठा दाबला आणि भोंग्याला दट्ट्या रेटायला सांगितलं.

दट्ट्या निम्म्यावर, पाचच्या रेघेवर गेला. सोडल्याबरोबर उसळून वर आला. पाचच्या खाली न्यायला मात्र भोंग्याला दातओठ खावे लागले.

“हळू दाब,” मुंगी म्हणाली. “सायकलचा पंप भराभर मारला की तापतो ना, तशी हवा तापली तर हिशेब बिघडतो.”

मग सिरिंज गोगल्याच्या हाती गेली. हळू काम करण्यात त्याचा हात कोण धरणार? तो दाबत गेला आणि मुंगीला शाळेतलं एक वाक्य आठवलं. तापमान तेच ठेवून वायूची जागा निम्मी केली, की त्याचा दाब दुप्पट होतो. परीक्षेसाठी तिने ते घडाघडा पाठ केलं होतं आणि पेपर दिल्यावर तितक्याच घडाघडा विसरून गेली होती. ते वाक्य आज गोगल्याच्या अंगठ्याखालून उलट ढकलत होतं.

आता सिरिंजमध्ये पाणी. भोंग्याने जोर लावला, मग उभं राहून जोर लावला, मग लालबुंद होऊन लावला. दट्ट्या ढिम्म. पाणी आकसायला तयारच नव्हतं.

शेवटी मुंगीने बटाट्याचा तुकडा सिरिंजच्या तोंडात गच्च बसवला. आत पाणी असताना दाबलं, तर तुकडा निमूटपणे सुटून पायाशी पडला, मागून दोन थेंब. आत हवा ठेवून दाबलं, तर फट्! तुकडा खोलीच्या पार पलीकडे डब्याच्या झाकणावर आदळला आणि झाकण खाली आलं. भोंगा हसत सुटला. मुंगी हसली नाही. तिचं तोंड उतरलं होतं.

पाण्याचा दाब वाढवला तरी त्यात साठून राहिलेलं काही नसतं. जोड फुटला, चार थेंब गळले, संपलं. हवा मात्र आकसत आकसत सगळा जोर पोटात घेऊन बसते. टाकी फुटली तर तो सगळा जोर एका क्षणात बाहेर येणार आणि लोखंडाचा तुकडा बटाट्यासारखा उडणार. आणि टाकीजवळ गुडघे टेकून, जोडांजवळ तोंड नेऊन कोण बसणार होतं? आत्या.

तिघं धावतच आत्याकडे गेले. ती शेजारच्या शेडमध्ये पत्रा कापत होती. मुंगीने एका दमात सगळं सांगितलं. आत्याने काळा चष्मा कपाळावर चढवला, शांतपणे ऐकून घेतलं आणि म्हणाली की हे सगळं टाकी फुटली तर ना? ती टाकी तिने स्वतः जोडली होती. आजवर तिच्या हातचा एकही जोड परत आला नव्हता.

“तुला काय वाटतं, मी थुंकी लावून चिकटवते?” तिने विचारलं. आवाजात चेष्टा होती, पण डोळ्यांत नव्हती. मुंगीला वाईट वाटलं. आत्यावर तिचा फार जीव होता, आणि आपण तिला दुखावलं हे तिला लगेच कळलं. तरी काळजी काही जाईना.

शेडबाहेर येऊन तिघं कुजबुजले. म्हणजे दोघं कुजबुजले आणि भोंग्याच्या तोंडावर हात ठेवला गेला.

“पद्धत काय, तर टाकीत पाणी भरायचं,” मुंगी म्हणाली. “मग आपण पद्धतीप्रमाणे वागू.”

कामगार डबे खायला झाडाखाली गेले होते. गोगल्याने हवेची नळी सोडवली, खुंटीवरची पाण्याची नळी काढली आणि टाकीच्या तोंडात सोडली. पाण्याचा आवाज ऐकू जाऊ नये म्हणून भोंगा शेडच्या दारात उभा राहून मोठमोठ्याने पाढे म्हणू लागला. सुट्टीत पाढे! आत्याने एकदा डोकं बाहेर काढून त्याच्या कपाळाला हात लावून पाहिला, ताप नाही याची खात्री केली आणि ती पुन्हा कामाला लागली. पाढे संपल्यावर कविता झाल्या, कविता संपल्यावर त्याने इतिहासाचा धडा काढला. घसा बसत आला तेव्हा कुठे टाकीच्या तोंडातून पाणी वर आलं. गोगल्याने जराही घाई न करता आतला शेवटचा बुडबुडा निघू दिला. मुंगीने पोत्यांनी फरशी पुसली, हवेची नळी होती तशी बसवली आणि तिघं खिडकीखाली जाऊन पडले.

घाईकाका आले ते चला चला करतच. पांढराशुभ्र शर्ट, एका हातात फोन. टाकीवर बोटाने टकटक केली असती तरी आवाज बदललाय हे त्यांना कळलं असतं. पण टकटक करायलाही वेळ लागतो. आत्या ब्रश आणि साबणाच्या पाण्याचं भांडं घेऊन टाकीजवळ गुडघ्यांवर बसली. मुंगी मनात हिशेब करू लागली. जोड भक्कम निघाला तर? मग टाकी उपसेपर्यंत ट्रक खोळंबणार, आत्याचा अपमान झाला तो झालाच, वर बोलणी. तरीही जोड भक्कमच निघू दे, असं तिला मनापासून वाटलं.

घाईकाकांनी कॉम्प्रेसर सुरू करून हवेचा कॉक उघडला. काटा एका उडीत लाल रेघेवर.

“हे काय? मघाशी तर चढत नव्हता.” ते मीटरवर टिचकी मारायला वाकले.

टक्, एवढाच आवाज झाला. आत्याच्या कानाजवळून पाण्याची एक बारीक, पांढरी धार सणकन गेली आणि घाईकाकांच्या शर्टावर छातीपासून पोटापर्यंत रेघ ओढून गेली. त्यांनी चाचपडत कॉक बंद केला, तसा काटा धपकन खाली आला आणि धारेचं नुसतं ठिबकणं उरलं. जोडाला बोटभर लांबीची चीर पडली होती.

“पाणी?” घाईकाका ओल्या शर्टाकडे बघत म्हणाले. “टाकीत पाणी कुणी भरलं?”

“आम्ही,” मुंगी दारात येऊन म्हणाली.

गडबड ऐकून ऑफिसमधून वर्कशॉपच्या मालकीणबाई आल्या. त्यांनी चीर पाहिली, मीटर पाहिलं, मग एका उलट्या खोक्यावर बसून मुंगीला पहिल्यापासून सांगायला लावलं. मुंगीने सिरिंज दाखवली. बाईंनी स्वतः दट्ट्या दाबून पाहिला, एकदा हवेवर, एकदा पाण्यावर. मग त्यांनी सांगितलं की यापुढे वॉशर फाटो की ट्रक दारात उभा राहो, या वर्कशॉपमधली टाकी पाण्यानेच तपासली जाईल. विचारल्याशिवाय नळीला हात लावला म्हणून त्यांनी तिघांना एकेक टपली दिली आणि त्याच हाताने पाठ थोपटली. पद्धत सगळ्यांना ठाऊक होती, ती कशासाठी आहे हे एकट्या या पोरीने शोधून काढलं, असं त्या सगळ्या कामगारांसमोर म्हणाल्या. घाईकाका शर्ट पिळत उभे होते. चूक माझी, असं ते स्पष्ट म्हणाले, ट्रक परत पाठवला आणि वॉशर आणायला बाजाराकडे निघाले. चालत!

आत्या मात्र अजून टाकीपाशीच होती. पहिली वेल्डिंगची कांडी संपून दुसरी सुरू झाली होती, नेमक्या त्या ठिकाणी जोड कच्चा राहिला होता. तिने चिरेवरून बोट फिरवलं. मग गुडघ्यांवर बसून पाहिलं. मघाशी बसली होती तशीच. चीर बरोबर तिच्या कानशिलाजवळ येत होती.

मुंगी हळूच तिच्याजवळ गेली. “आत्या, रागावलीस?”

आत्याने तिला ओढून घट्ट जवळ घेतलं. तिचे हात ओले होते आणि गार पडले होते.

“माझ्या कामावर तुझा भरवसा नव्हता ना?” तिने विचारलं.

मुंगीने खरं तेच सांगितलं. “नव्हता.”

“बरं झालं,” आत्या म्हणाली. “नाहीतर आज मी नसते.”