मारिसोलने दिलेले मोती

अशू, मध्ये बोलू नकोस. नुसतं ऐक.

हसायचं असेल तर शेवटी हस. पण खोटं म्हणू नकोस. ताईला विचार, क्षितिजदादाला विचार. फक्त आईला विचारू नकोस, ती मला मारेल.

गेल्या वर्षीची गोष्ट. आमचा सिंगापूरचा, वुडलँड्समधला फ्लॅट, तू आलीयेस तिथे. अनघाताईच्या लग्नाचा आठवडा होता. आणि रात्रीबित्री काही नाही हं... सगळं दिवसाढवळ्या. बाहेर रखरखीत ऊन, समोरच्या ब्लॉकमध्ये बांबूंवर कपडे वाळतायत, आणि आमच्या घरात हे चाललेलं.

रात्री तर काहीच व्हायचं नाही.

का व्हायचं नाही, ते नंतर कळलं.

तर ताईच्या बँकेत मारिसोल म्हणून एक मैत्रीण होती. व्हेनेझुएलाची. म्हणजे तिकडे समुद्रात मार्गारिता नावाचं बेट आहे, तिथली. तिने ताईला लग्नाचं गिफ्ट म्हणून मोती दिले. एवढीशी कापडी पिशवी, तिच्या आजीची. दुकानात मिळतात तसे गोल गुळगुळीत नव्हते. वेडेवाकडे, पिवळट. पण उजेडात धरले ना, की असं वाटायचं...

आतून कोणीतरी बघतंय.

देताना मारिसोल एवढंच म्हणाली, "यांना पाणी लागू देऊ नकोस. कधीच."

ताईला वाटलं, मोती खराब होतात म्हणून सांगतेय. सगळे सोनार सांगतात तसं.

लिटल इंडियातल्या सोनाराकडून त्यांची नथ करून घेतली. दाबाची, कारण ताईचं नाक टोचलेलं नाही. नथ घरी आली, आणि आई... तुला माहितीये आमची आई. परक्या घरातून आलेला दागिना तसाच मुलीच्या अंगावर? शक्यच नाही. वाटीत दूध-पाणी घेऊन बसली देवापुढे.

ताई सोफ्यावरून म्हणाली, "आई, ओली नको करूस. ती नको म्हणाली होती."

"अगं, मोती काय झाडाला लागतात? पाण्यातनंच येतात ना? मोठी आली शिकवणारी!"

आणि नथ वाटीत बुडवली.

त्याच क्षणी ताईने श्वास घेतला. मोठ्ठा. छाती भरून. मला स्वयंपाकघरात ऐकू आला.

आणि मग...

काहीच नाही.

मी बाहेर येऊन बघितलं. ताई मोबाइलवर स्क्रोल करत होती. एकदम नॉर्मल. फक्त तिची छाती हलत नव्हती.

आईने नथ बाहेर काढली, पुसली. तेव्हा ताईने श्वास सोडला. शेवटी शिट्टीसारखा आवाज आला.

मी म्हटलं, "श्वास कशाला धरला होतास?"

"मी? वेडी आहेस का गं?"

तिला खरंच माहीत नव्हतं.

दुसऱ्या दिवशी उजाडल्यापासून तो आवाज घरात फिरायला लागला. कधी बाथरूममधून, कधी माझ्या मागून. आधी तो भरून घेतलेला श्वास. मग शांतता... मग शिट्टी. आणि दर वेळेला, त्या मधल्या शांततेत, ताई श्वास घ्यायची थांबायची.

बोलता बोलता थांबायची. खाता खाता थांबायची. पुन्हा सुरू झाली की आपण थांबलो होतो हेच तिला ठाऊक नसायचं.

डॉक्टर म्हणाले, लग्नाचं टेन्शन.

मग सांग, तिच्या कुर्त्यावर, पाठीला, पांढरं पांढरं काय साचायचं? मी बोट लावून चाखलं.

मीठ.

बाथरूमच्या जाळीत केस सापडायला लागले. लालसर. तांब्याच्या रंगाचे, जळल्यासारखे. आम्हा तिघींचे केस काळे कुळकुळीत. आणि बाबांना तर केसच नाहीत!

आणि सूर्य मावळला, की...

बंद. सगळं बंद.

फक्त फरशीवर ओली पावलं. अनवाणी. हॉलमधून सरळ आमच्या बॉम्ब शेल्टरकडे जाणारी. ती लोखंडी दाराची खोली गं, जिथे आपण सगळे बॅगा आणि तांदळाची पोती कोंबतो. पावलं आत जायची, बाहेर यायची नाहीत. रात्रभर घर गप्प. सकाळी बघावं तर ते जड दार सताड उघडं.

मी आईला पावलं दाखवली. ती म्हणाली, एसी गळतोय.

मग मेकअप ट्रायलच्या दिवशी ताईला नथ घातली. क्षितिजदादाही, म्हणजे तेव्हा ताईचा होणारा नवरा, आला होता, बुकित पंजांगहून, खास नथीतला फोटो काढायला. नथ नाकाला लावली मात्र... तो श्वास आला. या वेळी खोलीतून नाही. ताईच्या नाकातून.

मग शांतता.

दादा फोटो काढत होता. "अनघा, जरा हस ना." ती हसली. तो म्हणाला, "अजून." ती अजून हसली. आणि तिचे ओठ... निळे पडत चालले होते. आणि ती हसतच होती.

दादाने नथ ओढून काढली. शिट्टी वाजली. ताई धापा टाकत खाली बसली. या वेळी तिलाही कळलं.

"मला खाली काहीच दिसत नव्हतं रे," एवढंच म्हणाली. "खूप खाली."

तेव्हा आई घाबरली. आणि अशू, आपली माणसं घाबरली की काय करतात? ज्याचं काय करायचं कळत नाही, ते पाण्यात सोडतात. निर्माल्य, भंगलेली मूर्ती, देवाचे जुने फोटो. आईने नथीतून मोती सोडवले, पिशवीत घातले, माझ्या हातात दिले.

"प्रणिता, जा. समुद्रात सोडून ये. नमस्कार कर आणि मागे बघू नकोस."

वॉटरफ्रंटची जेट्टी आमच्यापासून जवळच. अजून ऊन होतं. समोर पाण्यापलीकडे मलेशियातल्या जोहोरच्या बिल्डिंगा चमकत होत्या. एक अंकल गळ टाकून बसले होते, दोनतीन मुलं स्कूटरवरून फिरत होती. सगळं इतकं साधं होतं ना, की मला माझंच हसू आलं.

मी नमस्कार केला. पिशवी उलटी केली.

मोती पाण्यात पडले.

आणि माझ्या कानाशी... अगदी इथे, कानाशी...

कोणीतरी छाती भरून श्वास घेतला.

मग शेजारी, जिथे कोणीच नव्हतं, तिथून पाण्यात काहीतरी पडलं. जड. अंकलनी वळून बघितलं. "Girl, you drop something ah?"

फोन वाजला. आई होती. बोलत नव्हती, किंचाळत होती. "अनघा श्वास घेत नाहीये! ती आडवी पडलीये, प्रणिता, ती श्वासच घेत नाहीये!" मागे दादा अँब्युलन्सवाल्यांना पत्ता सांगत होता, त्याचा आवाज फाटला होता.

मी पाण्याकडे बघत होते. बुडबुडा नाही. काही नाही.

फोनमधून आई, "अनघा... अनघा..."

काही नाही.

मला एवढंच कळलं, की कोणीतरी खाली गेलंय. आणि मीच त्याला पाठवलंय.

मी कठड्यावर ओणवी झाले आणि ओरडले. मराठीतच. दुसरं काय सुचणार? "वर ये! नकोत ते! नकोत आम्हाला मोती! तू वर ये!"

अंकल गळ तिथेच सोडून माझ्याकडे धावले. त्यांना वाटलं मी उडी मारतेय. त्यांनी माझा दंड धरला. मी ओरडतच होते. "बस झालं! वर ये रे, वर ये!"

आणि मग...

शिट्टी.

पाण्याच्या अगदी जवळून. लांबलचक, थकलेली शिट्टी.

फोनमध्ये ताई खोकली. आईचं रडणं ऐकू आलं. मी हसत होते की रडत होते, मला आठवत नाही. अंकलनी माझा दंड सोडला. आणि ते कठड्याकडे बघत राहिले.

कठड्यावर मोती होते. सगळे. ओल्या हाताने मांडून ठेवावेत तसे, ओळीने.

अंकल दोन पावलं मागे सरकले. सामान गोळा केलं आणि निघून गेले. गळसुद्धा तिथेच राहिला त्यांचा.

हॉस्पिटलमधून आल्यावर ताईने मारिसोलला फोन लावला. मी शेजारीच होते.

मारिसोलच्या बेटाला लागून कुबाग्वा नावाचं एक छोटं बेट आहे. पाचशे वर्षांपूर्वी तिथे स्पॅनिश लोकांचं राज्य होतं. बेटावर प्यायला धड पाणी नाही, झाड नाही, पण समुद्रात मोती. ते काढायला दुसऱ्या बेटांवरून माणसं पकडून आणायचे. गुलाम. उजाडल्यापासून मावळेपर्यंत बुड्या मारायला लावायचे. दम खायला वर थांबला की होडीतून मार. रात्री कोंडून ठेवायचे, पळून जाऊ नयेत म्हणून. खाऱ्या पाण्याने त्यांचे केस तांबडे व्हायचे. पाठीवर मीठ साचायचं. छाती फुटून मरायचे. मेला की दुसरा आणायचे.

ताई हळूच म्हणाली, "आणि हे मोती?"

मारिसोल म्हणाली, "माझ्या आजीच्या घरातले लोक... होडीत बसायचे."

तिची आजी ते मोती कोरड्या डब्यात ठेवायची. रोज संध्याकाळी डब्याला म्हणायची, आता आराम कर. मारिसोलला ते म्हातारीचं खूळ वाटायचं.

फोनवर ती खूप रडली. सॉरी म्हणाली. पण परत घेते, असं काही म्हणाली नाही.

ताईचं लग्न झालं. नथ न घालता. आत्या अजून टोमणे मारते, "फोटोत नवरी कुठली तेच कळत नाही." मारते तर मारू दे. ताई ठीक आहे.

मोती माझ्याकडे आहेत.

तांदळाच्या डब्यात, कोरडे. रोज सूर्य मावळला की मी म्हणते, "झालं आजचं. झोप." बॉम्ब शेल्टरचं दार चपलांचा स्टँड लावून उघडं ठेवते, म्हणजे त्याला कोंडल्यासारखं वाटू नये. त्याला मराठी कुठलं कळायला! पण मला वाटतं, 'वर ये' असं त्याला कोणी कधी म्हटलंच नसेल. सगळे 'खाली जा' म्हणणारेच.

परीक्षेच्या वेळी एका संध्याकाळी मी विसरले. सकाळी डब्याचं झाकण आतून ओलं होतं.

आणि आई म्हणते, हल्ली मी बोलता बोलता थांबते.

आता ऑगस्टमध्ये मला मेलबर्नला जायचंय, मास्टर्सला. आई म्हणते, बँकेच्या लॉकरमध्ये टाकू. पण लॉकर म्हणजे पुन्हा कोंडणंच ना गं? पाण्यात सोडले तर तो परत बुडी मारणार. ताईकडे तर द्यायचेच नाहीत. दुसऱ्या कोणाला द्यावेत, तर मग माझ्यात आणि मारिसोलमध्ये फरक काय राहिला?

सांग ना अशू.

अशी गप्प काय बसलीस? श्वास घे आधी.

आणि मग सांग... तू काय केलं असतंस?