साहेब दुसऱ्या कोर्टात आहेत

कोर्टाच्या व्हरांड्यात बाकावर शेजारी बसलेल्या काळ्या कोटवाल्यापाशी मी मनातली सगळी भडास काढली. सरकारी वकील म्हणजे नुसते मख्ख, तोंड उघडलं की तारीख मागतात, डोक्यात भुसा! त्याने शांतपणे ऐकून घेतलं. मग म्हणाला, "भुशाचं माहीत नाही. तारीख मात्र आज मीच मागणार आहे."

धरणी पोटात घेईल तर बरं, असं झालं मला. तो सरकारी वकिलांचा ज्युनिअर होता. आणि हसला, तर मेल्याच्या गालाला खळी!

आमचं प्रकरण तसं साधं. बाबांनी रस्त्यात एका अनोळखी माणसाला गाडीत घेतलं, त्याच्या पिशवीत चोरटी दारू निघाली, आणि माणसाबरोबर गाडीही जप्त झाली. बाबांचा त्याच्याशी काडीचा संबंध नव्हता. पण बाबा पायांनी अधू. ब्रेक, क्लच सगळं हाताने चालवता येईल अशी ती गाडी त्यांनी मेकॅनिकच्या डोक्यावर बसून बनवून घेतली होती. ती गेली आणि बाबा खिडकीपाशी बसले ते बसलेच. दिवसभर गावभर हुंदडणारा माणूस, आता दारापर्यंत चल म्हटलं तरी नको म्हणायचा. मला ते बघवेना, म्हणून गाडी सोडवायला मी कोर्टात गेले.

तारखा पडत गेल्या. मी पावसात भिजून आले की तो मुकाट्याने रुमाल पुढे करायचा. शत्रूपक्षाकडून मी काही घेत नाही, असं नाक मुरडून सांगायचे... आणि त्याच्याच कपातला अर्धा चहा प्यायचे. घरी बाबांना त्याच्या गमती सांगायचे, तेवढेच ते हसायचे. जीव जडला होता हो, कशाला खोटं बोलू?

मग एका तारखेला न्यायाधीश म्हणाले, आजच ऐकतो आणि आजच निकाल देतो. तेवढ्यात तो उठला. साहेब दुसऱ्या कोर्टात अडकलेत, आठवडाभराची मुदत द्यावी, म्हणाला. मिळाली. जाताना त्याने माझ्याकडे असं काही पाहिलं, की माझा राग जागच्या जागी विरघळला.

त्याच आठवड्यात दारूबंदी खात्याने आपल्या आवारातल्या जप्त गाड्या भंगारात लिलावाने विकून टाकल्या. आमचीही गेली. असं काही होईल याची कुणाला कल्पनाच नव्हती, त्यामुळे लिलाव थांबवायचा हुकूम आम्ही मागितलाच नव्हता. हे सगळं कळलं ते थेट पुढच्या तारखेला, कोर्टात. न्यायाधीश सरकारवर चांगलेच बरसले, भरपाईसाठी वेगळा दावा करा म्हणाले. पण बरसून का कुठे तोडलेली गाडी परत येते?

तो जिन्यापाशी उभा होता. चेहरा पांढराफटक.

"त्या दिवशी साहेब दुसऱ्या कोर्टात नव्हते," तो म्हणाला. "खाली चहा पीत होते. पुकारा झाला की बोलव, असं सांगून गेले होते."

"मग?"

"निकाल लागला असता तर... तुम्ही परत इथे आला नसता. मला वाटलं, आणखी एकदा तरी—" तो जिन्याकडे बघत म्हणाला, "माझं प्रेम आहे तुमच्यावर."

किती वाट पाहिली होती मी या वाक्याची! त्याच्या एक थोबाडीत द्यावीशी वाटली, आणि त्याच्याच खांद्यावर डोकं टेकून रडावंसंही वाटलं. दोन्ही केलं नाही.

"नुसतं विचारायचं होतंत," मी म्हटलं. "म्हणाल तिथे आले असते मी."

मी जिना उतरले. तो मागे आला नाही, आणि यावं असं मलाही वाटत होतं की नव्हतं, देव जाणे.

घरी बाबा इस्त्रीचा शर्ट घालून दाराशी येऊन बसले होते. आज निकाल, म्हणून स्वारी खुशीत होती. मी तोंड उघडायच्या आत म्हणाले, "त्या तुझ्या वकिलाला एकदा जेवायला बोलाव. बसने येऊ नको म्हणावं. गाडी सुटली की मीच जाऊन घेऊन येतो त्याला."

मी हो म्हटलं.