बाटलीतलं बोटभर पाणी

मोबाइल ठेवा रं खाली. ही ऐकीव गोष्ट न्हाय, पळसदेवच्या रामहरीवर, माझ्या सख्ख्या मेव्हण्यावर गुदरलेली हाय.

गेल्या साली पौषात त्याची बायको संजीवनी गाडीवरनं डोक्यावर पडली. जखम भरली, पण डाव्या नाकपुडीतनं पाणी गळायचं थांबंना. नितळ पाणी. वाकली की टिपटिप. गावातल्या डॉक्टरनं सर्दीच्या गोळ्या दिल्या. उठून बसली की डोकं फुटायचं, आडवी झाली की थांबायचं. मग काय, घरची म्हणायची, काम निघालं की हिचं डोकं दुखतंय! रामहरीबी एकदा म्हणाला, "बास कर नाटकं."

माघातल्या अमावस्येला, मंगळवारी, ताप फणफणला. मान ताठली. रात्री पावणेदोनला तिला पिकअपमधी शेजारी बसवून गडी बारामतीला निघाला. ती सारखी म्हणतीय, "अवो, मला आडवी होऊ द्या..." अन् ह्यो म्हणतोय, "झोपू नगंस, संजे, झोपू नगंस!" झोपली तर उठायची न्हाय, ह्येच भ्या त्याच्या मनात.

डाळजच्या अलीकडं रस्त्यात एक बाई उभी. हिरवं लुगडं. डोक्यावर पदर. त्यानं कचकन ब्रेक मारला. बाई खिडकीशी आली.

"उताणी निजव तिला."

"आजी, सरा बाजूला! मरंल ती!"

"मलाबी घरची नाटकीच म्हणायची... निजव."

त्या बाईच्याबी नाकातनं पाणी गळत हुतं. थेंब... थेंब...

रामहरी खाली उतरला. त्यानं संजीवनीला मागं पोत्यांवर निजवली. बाई उशाशी बसली. गाडी निघाली. मागनं आवाज... टिप. टिप. वळून बघायची छाती झाली न्हाय.

बारामतीत गाडीचा मागचा फाळका उघडला. बाई न्हाय. संजीवनीच्या मुठीत गाडीतली बाटली, निघताना रिकामी हुती ती. तळाला बोटभर पाणी.

तिथला डॉक्टर म्हणाला, "ही सर्दी नाही. कवटीला बारीक चीर पडलीय. मेंदूभोवतीचं पाणी गळतंय, तिथूनच जंतू आत गेलेत." बाटलीतलं पाणी पुण्याला तपासायला धाडलं. मेंदूचंच निघालं. चीर बुजवली. वाचली संजीवनी. रामहरी तिच्या पायाशी बसून ढसाढसा रडला.

घरी निघताना त्यानं इचारलं, "डॉक्टर, वाटंत लई गळलं का वो हिचं?"

"उताणं निजलं की नाकातून येत नाही. घशात उतरतं."

रामहरीनं बायकोकडं बघितलं. "मग बाटली तू..."

"मी शुद्धीवर कुठं हुते?"

"मग ते पाणी..."



बाटली अजून त्याच्या फडताळात हाय. बूच कवाच हरवलेलं. तोंडाला त्या रातीचाच हिरव्या लुगड्याचा बोळा.