साखळीचं दुसरं टोक

मंगळवार, १४ मे २०२४. दुपारचे तीन वाजून दहा मिनिटं. शिंदखेड्यातल्या एका माध्यमिक शाळेची विज्ञानाची खोली. बाहेर पंचेचाळीस अंश, वीज गेलेली, सुट्टीमुळे शाळेत चिटपाखरू नाही. एवढं मी पोलिसांना लेखी दिलं आहे. त्यांनी ते वाचलं की नाही, त्यांनाच माहीत.

काम साधं होतं. भिंतीवरच्या एका नकाशाचे फोटो काढायचे. दुसऱ्या दिवशी सकाळी त्या भिंतीला चुना लागणार होता. संस्थेचे सचिव प्रेमराजशेठ फोनवर म्हणाले होते, "अहो, येड्या माणसाच्या रेघोट्या त्या. किती दिवस ठेवायच्या?"

तो येडा माणूस म्हणजे हिलाल आबा. सरकारी मोजणीदार. तेहतीस वर्षं लोकांच्या शेतांच्या हद्दी मोजल्या. निवृत्तीनंतर शाळेची दुर्बीण हाती आली आणि आबा मंगळाच्या नादी लागले. सव्वाशे-दीडशे वर्षांपूर्वी युरोप-अमेरिकेतल्या लोकांनी दुर्बिणीतून बघून मंगळाचे नकाशे काढले होते. त्यांवर सरळ रेघा होत्या. कोणी म्हणालं कालवे आहेत, मग कालवे खोदणारे आले, त्यांची शहरं आली. काहींना तर एका रात्रीत एका रेघेच्या दोन झालेल्या दिसल्या. पुढे यानांनी फोटो पाठवले, तेव्हा तिथे रेघच नव्हती. विखुरलेले ठिपके डोळ्यांनीच जोडले होते.

"लांबून रेघ काढी तो मोजणीदार नही," आबा म्हणायचे. "जठे पाय गया नही, तठे रेघ नही."

मी त्यावर बातमी केली. 'मंगळाचा सातबारा काढणारे आबा'. गाव पोट धरून हसलं. आबा मला फक्त एवढंच म्हणाले, "पेपरवाला, तू तं बांधबी नही वलांडस आनि बातमी लिखस."

त्यानंतर दोन महिन्यांनी, गेल्या जूनमध्ये, ते या खोलीत गेले आणि बाहेर आले नाहीत. दाराला आतून कडी होती. दार तोडलं तेव्हा कोपऱ्यात त्यांच्या चपला होत्या. मोजणीची जुनी साखळी, शंभर कड्यांची, दोन्ही टोकांना पितळी मूठ असलेली, ती मात्र नव्हती. पोलिसांनी लिहिलं, 'घर सोडून गेले'. आतून कडी लावून, अनवाणी, घर सोडून गेले! मी तीन वेळा विचारलं. तिन्ही वेळा चहा मिळाला.

खोलीची किल्ली आबांच्या मुलीकडे, ललिताकडे होती. ती त्याच शाळेत प्रयोगशाळेचं काम बघते. तिने दार उघडलं आणि पहिल्यांदा वास आला. गंजलेल्या लोखंडाचा. खिडक्यांना काळा कागद चिकटवलेला, त्यामुळे आत भर दुपारी काळोख. आणि गारठा. अंगावरचा घाम जागच्या जागी थंड पडला.

मोबाईलच्या उजेडात आबांनी काढलेला मंगळाचा नकाशा दिसला. सगळी भिंत भरून. डोंगर, दऱ्या, हद्दीच्या दगडांचे छोटे त्रिकोण, अगदी गावाच्या शिवाराच्या नकाशासारखे. उजव्या बाजूला भिंतीत एक पितळी खिळा. तिथून लाल रेघ निघून जवळजवळ पूर्ण फेरी मारून परत खिळ्याच्या जवळ आली होती. मोजणी जिथून सुरू होते तिथेच येऊन बंद व्हावी लागते, नाहीतर ती रद्द. हे मला आबांनीच शिकवलं होतं.

"आबा गेले तेव्हा रेघ तिथे होती." ललिताने भिंतीच्या मध्यावर बोट ठेवलं. पुढे पेन्सिलच्या बारीक खुणा होत्या, प्रत्येकीखाली तारीख. "दर शनिवारी खूण करते मी. रोज सरकते ती. बठ्ठा लोक माले येडी म्हंतस, भाऊ. पण ते परत येताहेत. आता चारच बोटं राहिलीत. तुम्ही उद्याचा चुना थांबवा. दोन दिवस फक्त."

मी उजेड जवळ नेला. "ललिता, या रेघा दोन आहेत."

ती वाकली. "शनिवारी एकच होती..."

तेव्हा तो आवाज आला. खळ्... खळ्... कडीवर कडी. फरशीवरून नव्हे. भिंतीच्या आतून, फार लांबून, आणि मग तितक्या लांबून नाही.

"ललिता... टोक धर वं माय..."

आबांचाच आवाज. तिने हात पुढे केला. तिचा हात खिळ्यापाशी पोचणार, एवढ्यात मला एक गोष्ट आठवली. आबांबरोबर मी कितीदा शेतात गेलो होतो. साखळी कधी एकट्याने ओढली जात नाही. एक पुढे, एक मागे. आणि आबा तर एकटेच गेले होते.

मी तिचं मनगट धरलं. "आबा... दुसरं टोक कोणाकडे आहे?"

साखळी थांबली. मग अगदी जवळून, भिंतीला तोंड लावल्यासारखं,

"पेपरवाला... ते इचारू नको..."

मी तिला ओढत बाहेर आणलं. ती ओरडत होती, माझ्या हाताला चावली. मी सोडलं नाही. चुना थांबवायला फोनही केला नाही. हे मी कबूल करतो.

बुधवारी सकाळी चुना लागला. गुरुवारी चुन्यातून लाल रेघ वर आली. थेट खिळ्यापर्यंत. मोजणी बंद झाली होती. रेघ एकच होती. खिडकीचा काळा कागद आतून फाटलेला होता.

त्याच दिवशी आबा घरी आले. गावाने गुलाल उधळला. पोलिसांनी प्रकरण मिटवलं, प्रेमराजशेठांनी शाल दिली. मीही भेटायला गेलो. आबा पलंगावर बसले होते, अंगभर चादर. चेहरा तोच.

"या, पत्रकार साहेब," ते स्वच्छ शब्दांत म्हणाले. "बसा."

मी बसलो नाही.

परवा शाळेत गेलो होतो. विज्ञानाच्या खोलीच्या कोपऱ्यात आबांच्या चपला तशाच होत्या. ललिताला फोन लावला, म्हटलं, नेल्या नाहीत का?

"नेल्या होत्या, भाऊ," ती हळू आवाजात म्हणाली, कोणीतरी शेजारी असल्यासारखी. "परत आणून ठेवल्या. त्यांच्या पायात जात नाहीत."